चेंडू सगळ्यांचा, झाडू ज्याचा त्याचा

हॅरी पॉटर मालिकेतल्या तिसऱ्या कादंबरीत डायगन अ‍ॅलीमधल्या एका दुकानात एक झाडू मांडून ठेवलेला आहे. त्याचं नाव फायरबोल्ट. अ‍ॅशच्या लाकडाचा दांडा, त्यावर हिऱ्यासारखी टणक झिलई, मागे एकेक निवडून बसवलेल्या बर्चच्या काड्या आणि प्रत्येक झाडूला स्वतंत्र नोंदणी क्रमांक. उभ्या जागेवरून दहा सेकंदांत ताशी दीडशे मैल, म्हणजे साधारण २४० किलोमीटरचा वेग तो गाठतो. शेजारच्या पाटीवर हे सगळं लिहिलेलं आहे. किंमत मात्र लिहिलेली नाही, ती विचारली तरच सांगतात. आयर्लंडच्या राष्ट्रीय संघाने असे सात झाडू मागवल्याची बातमी दुकानदार अभिमानाने देतो. पुढच्या कादंबरीत तोच संघ बल्गेरियाला १७०-१६० असं हरवून क्विडिचचा विश्वचषक जिंकतो.

जे. के. रोलिंग यांच्या पहिल्या कादंबरीतून १९९७ साली वाचकांपुढे आलेला क्विडिच हा खेळ जगभरच्या मुलांना वेड लावून गेला, आणि ते साहजिक होतं. मैदान हवेत, खेळाडू झाडूवर, दोन्ही टोकांना उंच खांबांवर तीन-तीन कड्या आणि चार चेंडू. त्यातल्या तीन चेंडूंना स्वतःची गती. वाचणाऱ्याच्या मनात पहिल्यांदा ठसते ती यातली जादू. पण ही जादू कोणत्या वस्तूत घातली आहे आणि ती वस्तू कोणाच्या मालकीची आहे, हे बारकाईने पाहिलं की क्विडिच हा क्रीडाजगतातल्या एका खऱ्या आणि अजून न सुटलेल्या प्रश्नाचा नकाशा वाटू लागतो.

आधी चेंडू पाहू. क्वाफल हा लाल रंगाचा, फूटभर व्यासाचा चामडी चेंडू. तो कडीतून पार केला की दहा गुण. ब्लजर दोन, लोखंडी. समोर येईल त्या खेळाडूला झाडूवरून पाडायचं एवढंच त्यांचं काम, आणि त्यांना फटकावून दूर करण्यासाठी प्रत्येक संघात दोन बीटर. चौथा गोल्डन स्निच. अक्रोडाएवढा, पंखांचा, डोळ्यांना चकवणारा. तो ज्या संघाचा सीकर पकडेल त्याला १५० गुण, आणि खेळ तिथेच संपतो.

रोलिंग यांनी २००१ मध्ये ‘क्विडिच थ्रू द एजेस’ हे छोटं पुस्तक लिहिलं. कॉमिक रिलीफ या धर्मादाय संस्थेसाठी निधी उभारायचा हा त्याचा हेतू होता. त्या पुस्तकात या चेंडूंचा काल्पनिक इतिहास इतक्या तपशिलात दिला आहे की एखाद्या खऱ्या खेळाची बखर वाचत असल्यासारखं वाटतं. झेल सुटला की क्वाफल थेट जमिनीवर जायचा आणि तो आणण्यासाठी खेळाडूंना वारंवार खाली झेपावं लागायचं. १७११ मध्ये डेझी पेनिफोल्ड नावाच्या चेटकिणीने त्यावर अशी जादू केली की तो पाण्यात बुडावा तसा सावकाश खाली येऊ लागला. खेळाची लय सुधारली ती दोन्ही संघांसाठी, एकाच वेळी. ब्लजर पूर्वी दगडाचे होते. बीटरच्या जोरदार फटक्याने ते फुटायचे आणि तुकडे खेळाडूंचा पाठलाग करायचे, म्हणून लोखंड आलं. तोही बदल सगळ्यांसाठीच.

स्निचची गोष्ट तर फार सुंदर आहे. त्याच्या जागी आधी खरा पक्षी होता, स्निजेट नावाचा इवलासा, सोनेरी. १२६९ मध्ये जादूगारांच्या परिषदेच्या प्रमुखाने एका सामन्यात पिंजऱ्यातला स्निजेट सोडला आणि त्याला पकडणाऱ्यासाठी १५० सुवर्णनाण्यांचं बक्षीस जाहीर केलं. स्निचच्या १५० गुणांचा उगम तोच. खेळापायी ही पाखरं नाहीशी व्हायला आली, तेव्हा बोमन राइट या धातुकाम करणाऱ्या कारागिराने त्याच वजनाचा, तशीच गिरकी घेणारा यांत्रिक चेंडू घडवला. खऱ्या इतिहासातही असं वळण येऊन गेलं आहे. १९०० च्या पॅरिस ऑलिंपिकच्या वेळी जिवंत कबुतरांवर नेमबाजी झाली होती. आज नेमबाज मातीच्या तबकड्या फोडतात आणि कौशल्याला तसूभरही उणेपणा आलेला नाही.

स्निचचा आणखी एक गुण शेवटच्या कादंबरीत उघड होतो. पहिला स्पर्श कोणाचा झाला हे तो लक्षात ठेवतो. म्हणूनच तो घडवणारा कारागीर हातमोजे घालतो आणि सामना सुरू होण्याआधी त्याला कोणीही उघड्या हाताने शिवत नाही. दोन सीकर एकदमच झडप घालतात आणि वाद होतो, तेव्हा निर्णय स्निचच देतो. ही कल्पना २००७ साली छापली गेली. २००८ मध्ये भारत-श्रीलंका कसोटी मालिकेत पंचांच्या निर्णयाची फेरतपासणी पहिल्यांदा प्रायोगिक तत्त्वावर झाली, आणि २०२२ च्या फुटबॉल विश्वचषकातल्या चेंडूत सेकंदाला ५०० वेळा हालचाल टिपणारा संवेदक बसवलेला होता. तंत्रज्ञान निवाड्याच्या कामी येतं तेव्हा त्याच्याबद्दल फारशी तक्रार उरत नाही, कारण ते दोन्ही बाजूंना सारखंच बांधील असतं.

म्हणजे क्विडिचमधली सामाईक जादू खेळाला न्याय देते, वेग देते, सुरक्षितही करते. अडचण सुरू होते ती झाडूपाशी.

झाडू ज्याचा त्याने आणायचा. हॉगवर्ट्स या जादूच्या शाळेच्या मैदानावर एका बाजूला नवा कोरा निंबस, तर दुसऱ्या बाजूला क्लीनस्वीपचं जुनं मॉडेल, असा सामना बिनदिक्कत खेळवला जातो. खेळात सातशे प्रकारचे फाउल आहेत आणि १४७३ च्या विश्वचषक अंतिम सामन्यात ते सगळेच्या सगळे घडले, असं ‘क्विडिच थ्रू द एजेस’ सांगतं. एवढ्या फाउलांची मोजदाद ठेवणाऱ्या या जगात झाडूच्या वेगाला मर्यादा घालणारा नियम मात्र कादंबऱ्यांत कुठेच दिसत नाही. दुसऱ्या कादंबरीत लुशियस मॅलफॉय स्लिदरिन या हाउसच्या संपूर्ण संघाला सात निंबस २००१ घेऊन देतो आणि त्याचा मुलगा ड्रेको सीकर होतो. ग्रिफिंडोरमध्ये कोणी पैसे मोजून संघात आलेलं नाही, हे हर्मायनी तोंडावर सांगते. त्यावर ड्रेको तिला जी घाणेरडी शिवी देतो, त्यातून पुढचं रामायण घडतं. तिकडे रॉनच्या घरी जो जुना शूटिंग स्टार झाडू आहे, त्याला फुलपाखरंसुद्धा मागे टाकतात.

रोलिंग यांनी विषमता अचूक टिपली, यात वाद नाही. पण उत्तर शोधताना त्यांचीही गाडी त्याच रुळावरून गेली, आणि इथे त्यांच्याशी भांडायलाच हवं. हॅरीचा निंबस २००० वादळातल्या सामन्यात हातून सुटतो आणि आघाती विलोच्या झाडावर जाऊन त्याचे तुकडे होतात. त्यानंतर त्याला काय मिळतं? शाळेचा बरा झाडू नाही, सर्वांना एकच झाडू असा नियम नाही, तर नाताळच्या सकाळी कोणीतरी निनावी पाठवलेला फायरबोल्ट. मॅलफॉयच्या पैशाने जे अन्यायाचं वाटलं, तेच हा झाडू पाठवणाऱ्या सिरियस ब्लॅकच्या पैशाने आनंदाचं होतं. मुलं टाळ्या वाजवतात, कारण नायक आपला आहे. न्याय मात्र झालेला नसतो, फक्त पारडं दुसरीकडे झुकलेलं असतं. त्या प्रसंगात खरी क्रीडानिष्ठा दाखवतात त्या प्राध्यापिका मॅक्गॉनगल. स्वतःच्याच हाउसचा विजय टांगणीला लागलेला असतानाही त्या झाडू जप्त करून शापाची तपासणी करायला पाठवतात.

खऱ्या खेळांत झाडूचा हा प्रश्न अनेकदा उभा राहिला आहे. सायकलिंगमध्ये तासाभरात किती अंतर कापता येतं याचा एक जुना, मानाचा विक्रम आहे. एडी मर्क्स यांनी १९७२ मध्ये मेक्सिको सिटीत ४९.४३१ किलोमीटर अंतर कापलं. पुढे सायकली बदलल्या, बसण्याच्या पद्धती बदलल्या, आणि १९९६ मध्ये ख्रिस बोर्डमन यांनी मँचेस्टरमध्ये दोन्ही हात पुढे ताणलेल्या ‘सुपरमॅन’ पवित्र्यात ५६.३७५ किलोमीटर गाठले. सायकलिंगच्या जागतिक संघटनेला यात माणूस किती आणि यंत्र किती हे कळेना, तेव्हा तिने २००० मध्ये विक्रमासाठी मर्क्स यांच्या काळासारखीच साधी सायकल बंधनकारक केली. त्याच वर्षी बोर्डमन पुन्हा ट्रॅकवर उतरले. अंतर भरलं ४९.४४१ किलोमीटर, मर्क्स यांच्यापेक्षा अवघे दहा मीटर जास्त. माणूस तोच, तासही तेवढाच. वय चार वर्षांनी वाढलं असलं तरी जवळजवळ सात किलोमीटरचा फरक वयाने पडत नाही. क्रीडासाहित्याची ताकद इतक्या नेमकेपणाने दाखवणारा दुसरा प्रयोग क्वचितच सापडेल. तो एका खेळाडूने भर स्टेडियममध्ये, स्वतःच्या पायांनी करून दाखवला, म्हणून त्याचं मोल अधिक.

जलतरणात हेच पोशाखाबाबत घडलं. २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये स्पीडोच्या एलझेडआर रेसर पोशाखाने विक्रमांचा सपाटा लावला. पुढच्याच वर्षी रोमच्या जागतिक स्पर्धेत पूर्ण पॉलियुरेथेनचे पोशाख आले आणि एका स्पर्धेत ४३ विश्वविक्रम मोडले. तिथे २०० मीटर फ्रीस्टाइलमध्ये जर्मनीच्या पॉल बीडरमान यांनी मायकेल फेल्प्स यांना मागे टाकलं. पोशाखाने फरक पडतो, हे बीडरमान यांनी स्वतःच मोकळेपणाने मान्य केलं. १ जानेवारी २०१० पासून असे पोशाख बंद झाले. उशीर झाला, पण निर्णय झाला.

यावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो, आणि तो वजनदार आहे. साहित्य सुधारलंच नसतं तर खेळ कुठे राहिले असते? बांबूच्या जागी फायबरग्लासचा खांब आला म्हणून पोल व्हॉल्ट आज इतका उंच गेला. हेल्मेटमुळे फलंदाजांचे जीव वाचले. हे खरंच आहे, आणि म्हणूनच साहित्य गोठवून टाका असं कोणी शहाणा माणूस म्हणणार नाही. मुद्दा वाट्याचा आहे. जागतिक अ‍ॅथलेटिक्स संघटनेने २०२० च्या जानेवारीत बुटांविषयी जो नियम केला त्यात हा विचार दिसतो. तीनच महिन्यांपूर्वी इलिउड किपचोगे यांनी व्हिएन्नात खास बुटांसह दोन तासांच्या आत मॅरेथॉनचं अंतर कापलं होतं. संघटनेने तळव्याच्या जाडीला ४० मिलिमीटरची मर्यादा घातली, आत एकच कडक पट्टी चालेल असं सांगितलं, आणि स्पर्धेत वापरण्याआधी बूट चार महिने खुल्या बाजारात मिळायला हवा अशी अट टाकली. या तिसऱ्या अटीने अजून पायात घालायला न मिळालेला गुप्त फायरबोल्ट बाद केला. पैसे नसलेल्याला बूट मिळेल याची हमी मात्र तिनेही दिली नाही.

ती हमी कशी देता येते हे भालाफेकीत दिसतं. ७ ऑगस्ट २०२१ रोजी टोकियो ऑलिंपिकमध्ये अंतिम फेरीच्या आधी नीरज चोप्राला आपला भाला सापडेना. तो पाकिस्तानच्या अर्शद नदीमच्या हातात होता. नीरजने तो मागितला, अर्शदने दिला आणि फेक झाली. काही आठवड्यांनी नीरजने हा किस्सा मुलाखतीत सांगितल्यावर देशात भलताच गदारोळ उठला. तेव्हा नीरजने चित्रफीत काढून समजावलं की स्पर्धेत आणलेले, आयोजकांनी तपासून मान्य केलेले भाले सर्व स्पर्धकांना वापरता येतात, हाच नियम आहे. आपलं नाव पुढे करून अपप्रचार करू नका, असंही त्याने बजावलं. क्रीडानीतीवरच्या कित्येक भाषणांपेक्षा तो छोटासा खुलासा मोठा होता. पुढे २०२४ च्या सुरुवातीला अर्शदने सांगितलं की आंतरराष्ट्रीय दर्जाचा त्याचा एकुलता भाला कित्येक वर्षं वापरून खराब झाला आहे. त्या वेळी त्याला भाला मिळावा म्हणून जाहीरपणे बोलणाऱ्यांत नीरज होता. त्याच ऑगस्टमध्ये पॅरिसला अर्शदने ९२.९७ मीटरचा ऑलिंपिक विक्रम केला आणि नीरज ८९.४५ मीटरवर दुसरा आला. भाला स्पर्धेपुरता सामाईक होता, सरावासाठी मात्र नव्हता, हेही या गोष्टीतून लख्ख दिसतं.

कादंबरीतल्या क्विडिचने जे केलं नाही ते जमिनीवरच्या क्विडिचने केलं. २००५ मध्ये अमेरिकेत व्हरमाँटमधल्या मिडलबरी कॉलेजच्या विद्यार्थ्यांनी हा खेळ प्रत्यक्षात आणला. आता त्याचं नाव क्वाडबॉल आहे. नावावरचा वॉर्नर ब्रदर्सचा हक्क आणि रोलिंग यांच्या पारलिंगी व्यक्तींविषयीच्या मतांपासून अंतर राखण्याची इच्छा, या दोन्ही कारणांनी २०२२ मध्ये ते बदललं. तिथे क्वाफल म्हणजे थोडी हवा काढलेला व्हॉलीबॉल, ब्लजर म्हणजे डॉजबॉल, आणि स्निच म्हणजे एका धावपटूच्या कमरेला मागे लटकवलेल्या मोज्यातला टेनिस चेंडू. झाडू म्हणून पायांमध्ये धरलेला मीटरभर पीव्हीसी पाइप.

त्या पाइपचं कौतुक करावं तेवढं थोडं आहे. कादंबरीत झाडू श्रीमंताला पुढे नेतो. मैदानावर तोच पाइप प्रत्येकाचा एक हात अडवून ठेवतो, धावणं अवघड करतो, आणि चेंडू लागला की त्यावरून उतरून आपल्या कड्यांपर्यंत परत जावं लागतं. सगळ्यांना तीच अडचण. नळ-जोडणीच्या साहित्याच्या कुठल्याही दुकानात तो मिळतो. स्निचचे १५० गुणही तिथे खूपच कमी झाले, म्हणजे एका झडपेने बाकीच्यांची मेहनत वाया जाणंही थांबलं. स्त्री-पुरुष एकत्र खेळतात आणि एका लिंगाचे खेळाडू मैदानावर किती असावेत यालाही मर्यादा आहे. कॉलेजातल्या पोरांनी नियम लिहिताना मूळ लेखिकेपेक्षा खेळाचा विचार अधिक खोलवर केला, असं म्हणायला हरकत नाही.

महाराष्ट्राला हा प्रश्न परका नाही. ऑगस्ट २०२३ मध्ये बर्लिनच्या जागतिक तिरंदाजी स्पर्धेत कम्पाउंड प्रकारात साताऱ्याची अदिती स्वामी सतराव्या वर्षी विश्वविजेती झाली, आणि त्याच दिवशी नागपूरच्या ओजस देवतळेने अंतिम लढतीत १५० पैकी १५० गुण मिळवून पुरुषांचं विजेतेपद घेतलं. दोघांचाही सराव साताऱ्यात, एकाच प्रशिक्षकाच्या हाताखाली झालेला. कम्पाउंड धनुष्य ही आजच्या क्रीडाजगतातली जादूची वस्तूच आहे. दोन्ही टोकांना चाकं असतात. दोरी पूर्ण ओढली की हातावरचा ताण एकदम निम्म्याहूनही कमी होतो आणि नेम धरायला निवांतपणा मिळतो. शिवाय भिंग लावलेला नेमदर्शक आणि दोरी सोडायची वेगळी कळ. हे सगळं परदेशी बनावटीचं, आणि संपूर्ण संच लाखांच्या घरात जातो. अदिती शिक्षकाच्या घरातली. तिच्या धनुष्यबाणासाठी घरच्यांना कर्ज काढावं लागलं. तिच्या यशाचा अभिमान वाटावा तितका थोडा, पण त्या कर्जाचा अभिमान बाळगायचं कारण नाही. ज्या घरांनी कर्ज काढलं नाही किंवा ज्यांना ते मिळालं नाही, त्या घरांतल्या मुलांची नावं कोणत्याच गुणतक्त्यावर येत नाहीत.

देशी तिरंदाजीत ‘इंडियन राउंड’ नावाचा प्रकार आहे. त्यात बांबूचं किंवा लाकडाचं साधं धनुष्य वापरतात. आदिवासी भागातली असंख्य मुलं तिथून सुरुवात करतात, चमकतात, आणि पुढच्या पायरीवर रिकर्व्ह किंवा कम्पाउंड हाती घ्यायची वेळ आली की तिथेच अडतात. खो-खो आणि कबड्डी हे तर जवळपास साहित्याविना खेळायचे खेळ. तेही मातीवरून मॅटवर गेले, मॅटसोबत बूट आले, आणि गावच्या मैदानावर घाम गाळणाऱ्या संघाला स्पर्धेच्या दिवशीच मॅटची ओळख होते. जानेवारी २०२५ मध्ये दिल्लीत झालेली खो-खोची पहिली विश्वचषक स्पर्धा मॅटवरच झाली आणि महाराष्ट्राच्या प्रियंका इंगळे आणि प्रतीक वाईकर यांच्या नेतृत्वाखाली भारताच्या दोन्ही संघांनी ती जिंकली. मॅट आता जाणार नाही. मग ती तालुक्यापर्यंत पोचवणं हे ओघाने आलं.

म्हणून शालेय आणि जिल्हास्तरीय स्पर्धांपासून एक नियम लागू व्हावा: जिथे साहित्याची किंमत निकाल ठरवू शकते, तिथे साहित्य आयोजकांचं असावं, किंवा भालाफेकीप्रमाणे आणलेलं साहित्य सगळ्यांना खुलं असावं. ऑलिंपिकच्या शिडाच्या नौकांच्या शर्यतीत आयएलसीए प्रकारातल्या एकसारख्या नौका आयोजकच पुरवतात, त्यामुळे हे अव्यवहार्य आहे असं म्हणता येत नाही. तिरंदाजीत धनुष्य खेळाडूच्या अंगकाठीप्रमाणे जुळवावं लागतं, ही अडचण खरी आहे. पण ओढीची लांबी आणि ताण दोन्ही कमीजास्त करता येतील अशी कम्पाउंड धनुष्यं बाजारात आहेत आणि नवशिक्यापासून राज्यपातळीपर्यंतच्या मुलांना ती पुरतात. प्रत्येक जिल्हा क्रीडा संकुलात अशी दहा-बारा धनुष्यं ठेवावीत, ती हंगामभरासाठी घरी सरावाला द्यावीत, आणि देण्याघेण्याची नोंद जाहीर असावी, म्हणजे ती ठरावीक प्रशिक्षकांच्या कपाटात अडकून राहणार नाहीत. गावोगावची सार्वजनिक वाचनालयं पुस्तकांच्या बाबतीत हेच काम शतकाहून अधिक काळ करत आली आहेत.

२०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये कम्पाउंड तिरंदाजीची मिश्र सांघिक स्पर्धा पहिल्यांदा खेळवली जाणार आहे. तिच्यासाठीची संघनिवड ज्या राष्ट्रीय स्पर्धांतून होईल, तिथवर पोचण्याआधी मुलांना जिल्हा आणि राज्यपातळीवर खेळावं लागतं. त्यामुळे धनुष्यांची खरेदी त्या हंगामांच्या आधीच्या अंदाजपत्रकात दिसायला हवी.